भांडण मिटले, आता खटला कसा मिटवायचा?

बांधावरून मारामारी झाली, पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदला गेला आणि दीड-दोन वर्षांनी गावातल्या जाणत्यांनी दोन्ही घरांना एकत्र बसवले. मोजणीचा खर्च कोणी करायचा ते ठरले, औषधपाण्याचे पैसे दिले गेले, स्टॅम्पपेपरवर सह्या झाल्या. सगळ्यांना हायसे वाटले. मग काही महिन्यांनी आरोपीच्या दारात वॉरंट घेऊन पोलीस उभा राहतो, कारण ‘आता मिटले आहे’ असे समजून आरोपी तारखेला गेलेलाच नसतो.

असे प्रसंग तालुक्याच्या न्यायालयांत नेहमी दिसतात. तडजोड करणारी माणसे प्रामाणिक असतात, पैसे दिले-घेतलेले असतात, मनेही निवळलेली असतात. चूक होते ती एकच. भांडण दोघांत मिटते, पण फौजदारी खटला फक्त न्यायालयाच्या आदेशाने संपतो, हे कोणी सांगितलेले नसते. तो आदेश कोणत्या न्यायालयाकडून, कसा मिळवायचा आणि तोवर काय सांभाळायचे, हे या लेखात क्रमाने पाहू.

खटल्यात एक पक्ष सरकार असते

दिवाणी दावा तुमचा असतो. तो तुम्ही मागे घेऊ शकता. फौजदारी गुन्ह्यात मार तुम्ही खाल्लेला असला, तरी एफआयआर नोंदल्यावर खटला ‘महाराष्ट्र शासन विरुद्ध अमुक’ असा चालतो. फिर्यादी हा त्यातला साक्षीदार. म्हणून ‘मी केस मागे घेतो’ असा अर्ज फिर्यादीने पोलीस ठाण्यात दिला, तरी त्यावर ठाणे अंमलदार किंवा पोलीस निरीक्षक गुन्हा बंद करू शकत नाहीत. तो अधिकार कायद्याने त्यांना दिलेलाच नाही.

अदखलपात्र तक्रार, म्हणजे आपण जिला ‘एनसी’ म्हणतो ती, याला काहीशी वेगळी. तिथे न्यायालयाच्या आदेशाशिवाय तपासच सुरू होत नाही, त्यामुळे दोघांनी समेट केला की ती बहुधा तिथेच थांबते. थेट न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे केलेली खासगी तक्रार समन्स खटल्याच्या स्वरूपाची असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २८० नुसार तक्रारदाराला ती न्यायालयाच्या परवानगीने मागे घेता येते. दखलपात्र गुन्ह्याचा एफआयआर झाला असेल, तर मात्र पक्षकारांपुढे दोनच रस्ते उरतात: खटला जिथे चालू आहे तिथे तडजोड नोंदवणे, किंवा उच्च न्यायालयाकडून गुन्हा रद्द करून घेणे. कोणता रस्ता तुमचा, हे एफआयआरवरची कलमे ठरवतात.

पहिले काम: कलमे वाचणे

एफआयआरची आणि दोषारोपपत्र दाखल झाले असल्यास त्याचीही प्रत मिळवा. तपासात कलमे वाढतात किंवा कमी होतात, म्हणून दोन्ही पाहा. गुन्हा १ जुलै २०२४ पूर्वी घडला असेल तर कलमे भारतीय दंड संहितेची असतील; त्यानंतरचा असेल तर भारतीय न्याय संहितेची. कार्यपद्धतीचा कायदाही त्याच दिवशी बदलला. तडजोडीचे जुने कलम ३२० आता नागरिक सुरक्षा संहितेत ३५९ झाले आहे आणि उच्च न्यायालयाच्या अंगभूत अधिकाराचे जुने ४८२ आता ५२८ झाले आहे.

कलम ३५९ मध्ये दोन तक्ते आहेत. पहिल्या तक्त्यातले गुन्हे पक्षकार न्यायालयाच्या परवानगीशिवाय आपसात मिटवू शकतात. साधी दुखापत, अडवून धरणे, शांतताभंग होईल असा अपमान, धमकी, अतिक्रमण, अब्रुनुकसानी, साधी चोरी असे गुन्हे यात येतात. दुसऱ्या तक्त्यातल्या गुन्ह्यांना न्यायालयाची परवानगी लागते. त्यात हत्याराविना झालेली गंभीर दुखापत, कलम ३१८(४) खालची फसवणूक, विश्वासघात, पहिला विवाह कायम असताना केलेला दुसरा विवाह वगैरे आहेत. दोन्ही तक्त्यांत जो गुन्हा नाही, तो खालच्या न्यायालयात तडजोडीने मिटत नाही. कलम ३५९ च्या शेवटी हे स्पष्ट लिहिले आहे.

गावच्या भांडणांत अडचण इथेच येते. हातापायीत कोयता, कुऱ्हाड किंवा तसे हत्यार वापरल्याचा आरोप असेल तर कलम ११८ लागते. ते तक्त्यात नाही. पाच किंवा अधिक जण होते म्हटले की बेकायदा जमाव आणि दंगलीची कलमे १८९ आणि १९१ येतात. तीही तक्त्यात नाहीत. विनयभंगाचे कलम ७४ आणि सासरच्या छळाचे कलम ८५, म्हणजे जुने ४९८-अ, हीसुद्धा नाहीत. एका एफआयआरमध्ये पाच कलमे असतील आणि त्यातली चार तडजोडपात्र असतील, तरी उरलेल्या एकासाठी खटला चालू राहतो. वकिलांना पहिला प्रश्न हाच विचारा: ‘यातले कोणते कलम तक्त्याबाहेरचे आहे?’

तक्त्याच्या तिसऱ्या रकान्यात तडजोड कोणी करायची तेही दिले आहे. दुखापतीत तो हक्क जखमी झालेल्याचा, चोरीत मालमत्तेच्या मालकाचा. फिर्याद मुलाने दिली असेल आणि मार वडिलांना लागला असेल, तर सही वडिलांची हवी. तिघे जखमी असतील तर तिघांची संमती हवी. जखमी अज्ञान असेल, तर त्याच्या वतीने करार करण्यास पात्र व्यक्ती न्यायालयाच्या परवानगीने तडजोड करू शकते. जखमी पुढे मरण पावला असेल, तर न्यायालयाच्या संमतीने त्याचा कायदेशीर वारस.

पहिला रस्ता: त्याच न्यायालयात तडजोड

सगळी कलमे तक्त्यात असतील तर काम सोपे आहे. दोन्ही बाजू वकिलांमार्फत तडजोडीचा अर्ज किंवा पुरसिस, म्हणजे लेखी निवेदन, देतात. न्यायाधीश जखमी व्यक्तीला समोर बोलावून विचारतात: तडजोड स्वेच्छेने केली का, कोणाचा दबाव आहे का, कागद वाचून समजला का? ओळखपत्र पाहिले जाते, सरकारी वकिलांचे म्हणणे घेतले जाते आणि आदेश होतो. कायद्यानुसार या आदेशाचा परिणाम आरोपीची निर्दोष सुटका असा होतो.

शिक्षा होऊन अपील चालू असले तरी अपिलाच्या न्यायालयाच्या परवानगीने तडजोड करता येते. मात्र आधीच्या शिक्षेमुळे आरोपीला या गुन्ह्यात वाढीव किंवा वेगळ्या प्रकारची शिक्षा होऊ शकत असेल, तर ही मुभा नाही.

तडजोडपात्र खटल्यांसाठी लोकअदालत हा चांगला मार्ग आहे. तुमच्या न्यायालयातच अर्ज देऊन प्रकरण पुढच्या राष्ट्रीय लोकअदालतीत ठेवून घेता येते. तिथे झालेल्या निवाड्यावर अपील नाही, त्यामुळे प्रकरण तिथेच संपते. पण विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ नुसार तडजोडपात्र नसलेले गुन्हे लोकअदालतीपुढे येऊ शकत नाहीत. ‘लोकअदालतीत सगळे मिटते’ असे कोणी सांगितले, तर आधी कलमांचा कागद पुढे ठेवा. तडजोडपात्र गुन्ह्यांचे प्रलंबित वाद न्यायालय मध्यस्थीकडेही पाठवू शकते. तिथे जे ठरते ते आपोआप निकाल होत नाही. त्याचा विचार करून आदेश न्यायालयच देते.

महाराष्ट्रात १५ ऑगस्ट २००७ पासून सुरू झालेल्या महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेने गावपातळीवर बसून वाद मिटवण्याची सवय अनेक ठिकाणी लावली. ती सवय मोलाची आहे. समितीने जुळवलेला समेट न्यायालयापुढच्या तडजोडीचा भक्कम पाया होऊ शकतो. पण प्रकरण न्यायालयात गेले असेल, तर समितीचा कागद तिथे दाखल व्हायलाच हवा. समितीच्या दप्तरात राहिलेल्या कागदाने खटला थांबत नाही.

चेक न वटल्याचा खटला

परक्राम्य संलेख कायद्याच्या कलम १३८ खालचा खटला तडजोडीला सर्वात सोपा आहे, कारण त्याच कायद्याचे कलम १४७ प्रत्येक गुन्हा तडजोडपात्र ठरवते. इथे महत्त्व वेळेला आहे. उशिरा तडजोड करणाऱ्याला जादा रक्कम विधी सेवा प्राधिकरणाकडे भरावी लागते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये ठरवले. गोव्यातून गेलेल्या एका प्रकरणात सप्टेंबर २०२५ मध्ये ते दर कमी केले गेले. आरोपीचा बचावाचा पुरावा नोंदण्यापूर्वी रक्कम दिली तर जादा खर्च नाही. त्यानंतर पण निकालापूर्वी दिली तर चेकच्या रकमेच्या ५ टक्के. सत्र किंवा उच्च न्यायालयात ७.५ टक्के, सर्वोच्च न्यायालयात १० टक्के.

दोन गोष्टी ध्यानात असू द्या. एक, पैसे भरले तरी तडजोडीला तक्रारदाराची संमती लागते. आरोपीने एकतर्फी रक्कम भरून तडजोड झाल्याचे म्हणता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये सांगितले आहे. दोन, तडजोडीत नवा चेक घेतला आणि तोही वटला नाही, तर त्या नव्या चेकवर नवा खटला उभा राहतो, पण जुनी तक्रार त्या तडजोडीत विलीन झालेली असते. म्हणून तक्रारदाराने शक्यतो डिमांड ड्राफ्ट किंवा बँकेतून थेट रक्कम घ्यावी आणि हप्ते ठरवायचे असतील, तर लोकअदालतीतून निवाडा करून घ्यावा. तो दिवाणी हुकूमनाम्याप्रमाणे अमलात आणता येतो.

दुसरा रस्ता: उच्च न्यायालय

तक्त्याबाहेरच्या कलमांसाठी उच्च न्यायालयात जावे लागते. ‘केस क्वॉश करणे’ म्हणतात ते हेच. हा अधिकार कुठे वापरायचा, हे सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने २०१२ मध्ये ‘ग्यान सिंग विरुद्ध पंजाब राज्य’ या निकालात ठरवून दिले. त्याचा मथितार्थ असा: गुन्हा प्रामुख्याने खासगी, कौटुंबिक, वैवाहिक, व्यापारी किंवा दिवाणी वळणाचा असेल, पूर्ण समेट झाला असेल आणि शिक्षा होण्याची शक्यता फार उरली नसेल, तर तडजोडपात्र नसलेला गुन्हाही उच्च न्यायालय रद्द करू शकते. मात्र खून, बलात्कार, दरोडा यांसारखे समाजाविरुद्धचे गुन्हे दोघांच्या समेटाने संपत नाहीत.

खुनाच्या प्रयत्नाच्या कलमाखाली, म्हणजे जुन्या ३०७ आणि आताच्या १०९ खाली, गुन्हा नोंदला असेल तर न्यायालय फक्त कलमाच्या नावावर जात नाही. जखम शरीराच्या कोणत्या भागावर आहे, हत्यार कोणते होते, वैद्यकीय कागद काय सांगतात, आरोपीची पूर्वीची वागणूक कशी होती, हे पाहते. अर्ज कोणत्या टप्प्यावर केला यालाही महत्त्व आहे. गुन्हा ताजा असताना किंवा दोषारोपपत्रानंतर साक्षीपुरावा सुरू होण्यापूर्वी आलेल्या अर्जाकडे न्यायालय अधिक उदारपणे पाहते. साक्षीपुरावा संपून निकाल तोंडावर असताना आलेला अर्ज सहसा मान्य होत नाही.

महाराष्ट्रात हा अर्ज मुंबई उच्च न्यायालयाच्या ज्या पीठाकडे तुमचा जिल्हा येतो तिथे करायचा: मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झाले आहे. त्यामुळे तिथल्या पक्षकारांची मुंबईची वारी वाचली. गोव्यातल्या प्रकरणांसाठी पर्वरीचे पीठ आहे.

अर्ज आरोपी करतो. प्रतिवादी म्हणून राज्य शासन आणि फिर्यादी दोघांनाही जोडावे लागते. सोबत एफआयआर, दोषारोपपत्र, तडजोडीचा करार आणि फिर्यादीचे संमतीचे प्रतिज्ञापत्र जोडतात. सुनावणीला फिर्यादीने ओळखपत्र घेऊन हजर राहावे. न्यायमूर्ती स्वतः विचारपूस करतात. परदेशातल्या पक्षकाराचे प्रतिज्ञापत्र तिथल्या भारतीय वकिलातीत साक्षांकित करून आणता येते आणि न्यायालयाने परवानगी दिली, तर तो दृकश्राव्य माध्यमातून हजर राहू शकतो. पोलीस यंत्रणेचा आणि न्यायालयाचा वेळ खर्ची पडला म्हणून आरोपींना, कधी दोन्ही बाजूंना, ठरावीक रक्कम एखाद्या कल्याणनिधीत भरायला सांगितले जाते. ती तयारी ठेवा.

एकमेकांविरुद्ध दोन गुन्हे असतील, तर दोन्ही एकाच वेळी रद्द होतील असे पाहा. एफआयआरमध्ये सात आरोपी असतील, तर सातही जण अर्जात असावेत. राहून गेलेल्या एकट्या दिराच्या किंवा नणंदेच्या नावावर पुढे वर्षानुवर्षे खटला चालू राहू शकतो.

जे तडजोडीने मिटत नाही

काही गुन्ह्यांत समेटाचा विचारच करू नये आणि कोणी दबाव आणत असेल, तर त्याला ठाम नकार द्यावा. लहान मुलांवरच्या लैंगिक अत्याचारात पालकांनी आरोपीशी केलेला समेट उपयोगाचा नाही. राजस्थानातल्या एका शिक्षकावर विद्यार्थिनीशी गैरवर्तनाचा आरोप होता. मुलीच्या वडिलांनी समेट केला आणि उच्च न्यायालयाने गुन्हा रद्दही केला. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश फिरवून खटला पुन्हा सुरू केला. आत्महत्येस प्रवृत्त केल्याचा गुन्हाही मृताच्या नातेवाइकांशी समेट करून मिटवता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये सांगितले. बलात्काराच्या गुन्ह्यांबाबतही नियम तोच आहे. जुलै २०२५ मध्ये महाराष्ट्रातल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तसा गुन्हा रद्द केला, पण तो अपवादात्मक परिस्थितीतला निर्णय होता. त्याच्या भरवशावर कोणी तडजोडीचा आग्रह धरत असेल, तर सावध राहा.

कर्तव्यावर असलेल्या तलाठ्याला, एसटीच्या वाहकाला किंवा पोलिसाला मारहाण झाली, तर त्या कर्मचाऱ्याने माफ केले तरी सरकारच्या कामात आणलेला अडथळा शिल्लक राहतो. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याखालचे गुन्हे खासगी नसतात. पतसंस्था किंवा गुंतवणूक योजनेत शेकडो ठेवीदारांचे पैसे बुडाले असतील, तर दोन-चार ठेवीदारांचे पैसे परत करून गुन्हा मिटत नाही. महाराष्ट्रात अशा प्रकरणांसाठी १९९९ चा ठेवीदारांचे हितसंबंध संरक्षण कायदा आहे. अॅट्रॉसिटी कायद्याखालच्या गुन्ह्यांत वाद मुळात खासगी स्वरूपाचा होता आणि जातीवरून अपमान करण्याचा हेतू नव्हता, हे पटले तरच न्यायालये विचार करतात. फिर्यादी दुर्बल घटकातला आहे याची जाणीव ठेवून त्या समेटाची अधिक काटेकोर तपासणी होते, आणि ती व्हायलाच हवी.

सासरच्या छळाचे आणि घटस्फोटाचे प्रकरण

कलम ४९८-अ किंवा आताच्या ८५ खालचे गुन्हे उच्च न्यायालयाकडून रद्द होऊ शकतात, हे २००३ पासून स्थिरावले आहे. अशा प्रकरणात बहुधा चार गोष्टी एकत्र गुंतलेल्या असतात: फौजदारी गुन्हा, कौटुंबिक हिंसाचार कायद्याखालचा अर्ज, पोटगी आणि घटस्फोट. चारही एकाच करारात बांधल्या नाहीत, तर एक सुटते आणि तीन अडतात.

रक्कम टप्प्याटप्प्याने देण्याची पद्धत इथे चांगली चालते. परस्पर संमतीच्या घटस्फोटाचा अर्ज दाखल होताना एक हप्ता, त्यातल्या दुसऱ्या टप्प्याच्या जबाबाला दुसरा आणि उच्च न्यायालयात गुन्हा रद्द होताना शेवटचा. त्यामुळे दोन्ही बाजूंना सुरक्षितता मिळते. दोन टप्प्यांमधला सहा महिन्यांचा काळ योग्य परिस्थितीत माफ करता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये सांगितले आहे. पत्नीने ठरलेले सगळे घेऊन, घटस्फोटही घेऊन, नंतर गुन्हा रद्द करण्यास नकार दिला, अशा प्रकरणात न्यायालयाने तिचा नकार बाजूला ठेवल्याचे उदाहरण आहे. पतीने हप्ता थकवला, तर संमतीही थांबवता येते. त्यासाठीच शेवटची रक्कम आणि शेवटचा आदेश एकाच दिवशी जुळवावेत.

मुलांची पोटगी हा मुलांचा हक्क आहे. ‘मुलासाठी पुढे काहीही मागणार नाही’ अशी आईकडून लिहून घेतलेली अट मुलाला बांधत नाही. स्त्रीधनाची यादी करून ते ज्या दिवशी परत द्याल त्या दिवशी दोघांच्या सहीने नोंद करा.

पती परदेशात असेल आणि त्याच्या नावाने लुकआउट सर्क्युलर निघाले असेल, तर गुन्हा रद्द झाल्यावर ते मागे घेण्यासाठी ज्या पोलीस कार्यालयाने काढायला लावले त्याच कार्यालयाकडे आदेशाची प्रत घेऊन अर्ज करा. तसे केले नाही, तर घटस्फोट होऊन वर्ष उलटले तरी विमानतळावर अडवले जाण्याची वेळ येते.

करारात काय असावे

करार मराठीत, दोन्ही बाजूंना वाचून समजेल असा लिहा. त्यात या गोष्टी हव्यात:

१. पोलीस ठाणे, गुन्हा नोंद क्रमांक, वर्ष, खटल्याचा क्रमांक आणि कलमे.

२. दोन्ही बाजूंच्या सर्वांची नावे. जखमी किंवा पीडित व्यक्तीची स्वतंत्र सही.

३. नेमके काय ठरले: रक्कम, बांधाची हद्द, घराचा ताबा, मालाची परतफेड. ‘सर्व वाद मिटले’ एवढे पुरत नाही.

४. प्रत्येक हप्ता केव्हा आणि कोणत्या मार्गाने द्यायचा. रोखीने देणे टाळा. प्राप्तिकराच्या कायद्यानुसार २ लाख रुपये किंवा त्याहून अधिक रोख एका व्यवहारात स्वीकारायला मनाई आहे.

५. कोणत्या न्यायालयात कोणता अर्ज, कोणत्या मुदतीत, कोणाच्या खर्चाने करायचा.

६. एका बाजूने ठरलेले पाळले नाही तर पुढे काय.

स्टॅम्पपेपर आणि नोटरीमुळे करार भक्कम दिसतो, पण तेवढ्याने न्यायालय बांधले जात नाही. दोन्ही बाजूंनी आपापला वकील ठेवावा. समोरच्याच्या वकिलाने आणलेल्या कागदावर घाईत सही करू नये आणि कोऱ्या कागदावर तर कधीच नाही. वकिलाचा खर्च झेपत नसेल, तर तालुका विधी सेवा समिती किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. हेल्पलाइन १५१०० आहे. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

तीन वाटा ज्या धरू नयेत

पहिली, साक्षीत फितूर होणे. ‘साक्षीला उभा राहा आणि काही आठवत नाही म्हण’ हा सल्ला गावोगावी दिला जातो. न्यायालयात शपथेवर खोटे सांगणे हा स्वतंत्र गुन्हा आहे, आणि त्याचा धोका मार खाल्लेल्या फिर्यादीवरच उलटतो. खरा रस्ता उपलब्ध असताना हा रस्ता धरू नका.

दुसरी, ‘गुन्हा खोटा होता’ असे लिहून देणे. महाराष्ट्रात तपासाअंती दोषारोपपत्र पाठवायचे नसेल, तर पोलीस न्यायालयाला ‘ए’, ‘बी’ किंवा ‘सी’ समरी अहवाल पाठवतात. खोट्या फिर्यादीसाठी ‘बी’ समरी असते. समेट झाला म्हणून फिर्यादीने खरी घटना खोटी होती असे लिहून दिले, तर खोटी फिर्याद दिल्याबद्दल त्याच्यावरच कारवाई होऊ शकते. प्रतिज्ञापत्रात सरळ लिहावे की घटना घडली होती, आता समेट झाला आहे आणि खटला पुढे चालवायचा नाही. एवढे पुरते.

तिसरी, तोडपाणी. जो गुन्हा कायद्याने मिटवता येत नाही, त्यातल्या आरोपीला शिक्षेपासून वाचवण्यासाठी पैसे घेणे आणि देणे, दोन्ही न्याय संहितेच्या कलम २५० आणि २५१ खाली गुन्हे आहेत. कायद्याने तडजोड करता येते त्या गुन्ह्यांना यातून वगळले आहे. म्हणजे कायदेशीर तडजोडीत घेतलेली भरपाई सन्मानाची आणि चोरून केलेला सौदा धोक्याचा.

आदेश मिळाल्यावर

आदेशाची प्रमाणित प्रत किमान दोन संच घ्या. उच्च न्यायालयाने गुन्हा रद्द केला असेल, तर ती प्रत खालच्या न्यायालयात दाखल करून खटला निकाली काढून घ्या. पोलीस ठाण्यात एक प्रत देऊन पोच घ्या. वॉरंट निघाले असेल तर ते रद्द झाल्याचे पाहा. जामीनदाराला मोकळे करा. जप्त मोटारसायकल किंवा मोबाइल असेल, तर मुद्देमाल परत मिळण्याचा अर्ज करा.

नोकरीच्या अर्जात किंवा चारित्र्य पडताळणीत गुन्ह्याबद्दल विचारले, तर लपवू नका. खटल्याची माहिती खरी द्यावी, आणि लपवल्यास नेमणूक रद्द होऊ शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये ठरवले. तडजोडीने सुटका झाली तरी पोलीस दलासारख्या नोकरीत उमेदवाराचा स्वतंत्र विचार होऊ शकतो. भरतीची तयारी करणाऱ्या तरुणाने किरकोळ मारामारीचे प्रकरणही म्हणूनच पहिल्या संधीला, नीट कागद करून मिटवावे.

आणि जोवर आदेश होत नाही, तोवर प्रत्येक तारखेला हजर राहा किंवा वकिलामार्फत सवलतीचा अर्ज द्या. तडजोड तोंडी ठरलेली असो की नोटरीसमोर, ही सवय मोडू नका.

समेट करणे ही कमजोरी नाही. शेजारी, भाऊ, व्यापारातले भागीदार यांना पुढची वीस-तीस वर्षे एकाच गावात, एकाच बाजारात वावरायचे असते, आणि न्यायालयांनी हे ओळखूनच हे दोन रस्ते खुले ठेवले आहेत. पण ज्याच्यावर अन्याय झाला त्याने तो समेट मनापासून, समजून आणि पूर्ण मोबदला हातात पडल्यावर केला, तरच तो टिकतो. न्यायाधीश जेव्हा ‘स्वेच्छेने केला का?’ असे विचारतात, तेव्हा तो उपचार समजू नका. त्या क्षणी खरे उत्तर देण्याचा पूर्ण हक्क तुम्हाला आहे. उत्तर ‘नाही’ असेल तर तेच सांगा; ते ऐकण्यासाठीच हा प्रश्न विचारला जातो.